भांड्याचे कान

सहा वर्षं मी रोज सकाळी दहाच्या सुमारास दहा-बारा परदेशी माणसं इथलं खाणं चाखवायला आमच्या गल्लीत आणत असे आणि एवारिस्तोच्या तमालच्या दुकानाकडे पाठ करून त्यांना उभं करत असे. मुद्दाम. गल्लीच्या तोंडाशी निळ्या मक्याच्या भाकऱ्या, मग मंडईच्या दारातली मेंढीच्या मटणाची गाडी, मग एर्मेलिंदाच्या टपरीवर बिटाचा नाहीतर पपईचा रस. ही टपरी एवारिस्तोच्या बरोब्बर समोर. तिथे कोणीतरी हमखास विचारायचं, की ओदिलिया, पलीकडे एवढी रांग कसली आहे? मी सांगायचे की तमाल मिळतात, म्हणजे कणसाच्या पानात वाफवलेलं मक्याचं पीठ, पण ते खाऊन पोट बिघडतं. हे आधी इंग्रजीत आणि लगेच आमच्या भाषेत, जरा आवाज चढवून, म्हणजे त्यालाही ऐकू जावं.

पोट कधी कोणाचं बिघडलं नाही. तमाल उत्तमच असायचे, कारण कृती माझ्या आईची होती.

एवारिस्तो माझा पाद्रिनो. बाप्तिस्म्याच्या दिवशी मला हातावर घेऊन चर्चमध्ये उभा राहिला तो हाच. म्हणून तो आईचा कोंपाद्रे झाला आणि ती त्याची कोमाद्रे. आमच्याकडे या नात्याला सख्ख्या भावाबहिणीइतका मान असतो. सख्खा भाऊ वाईट निघाला तर निदान तो आपण निवडलेला नसतो. कोंपाद्रे आपणच निवडतो, त्यामुळे त्यानं दगा दिला की चारचौघांत आपलीच मान खाली जाते.

दोघांचा धंदा भागीत होता. आई, गल्ली जिला मानानं दोन्या फेली म्हणायची, ती मक्याचं पीठ मळायची, चरबी फेटायची, मिरच्या वाटायची. एवारिस्तो विस्तव सांभाळायचा आणि गिऱ्हाइकांशी तोंडाची वाफ दवडायचा. कणसाच्या पानांत बांधलेले तमाल उंच भांड्यात जाळीवर उभे करायचे, खाली पाणी, आणि पाण्यात एक नाणं. पाणी उकळतंय तोवर नाणं तळाशी खडखडत राहतं. खडखड थांबली की पाणी संपलं, पळा. शिवाय भांड्याच्या दोन्ही कड्यांना पानाच्या पट्ट्या बांधायच्या, ते भांड्याचे कान. असे बांधले की भांड्याला बाहेरचं ऐकू जात नाही. कोणी रागात असेल आणि ते भांड्यानं ऐकलं, तर तमाल कच्चे राहतात, मग तुम्ही दिवसभर वाफ द्या. आमच्याकडे हे शेंबड्या पोरालाही माहीत असतं.

नऊ वर्षांपूर्वी, कांदेलारियाच्या सणाला, म्हणजे घरोघरच्या बाळ येशूच्या मूर्ती नवे कपडे घालून चर्चमध्ये आशीर्वादाला नेतात त्या दिवशी, चर्चकडून चारशे तमालांची मागणी आली. त्या सकाळी आई रागात होती हे खरं. माझ्या आत्यानं आमच्या घरच्या बाळ येशूला सणासाठी चक्क फुटबॉलच्या संघाचे कपडे शिवून आणले होते, मोजे आणि नंबरासकट. आई विस्तवाशेजारी उभी राहून आत्याला वाट्टेल ते बोलली. मग भांडं एवारिस्तोच्या हवाली करून बाळाचे कपडे बदलायला घरी गेली. परत आली तेव्हा एवारिस्तोनं तमाल दुसऱ्या भांड्यात काढून ठेवले होते आणि तो डोक्याला हात लावून बसला होता. पीठ पांढरं, चिकट, कच्चं. बाहेर फटाके वाजत होते, धुपाचा धूर गल्लीभर झाला होता आणि दोनशे माणसं उपाशी थांबली होती. तो सगळ्यांदेखत म्हणाला, "कोमाद्रे, सकाळी तू जे बोललीस ते भांड्यानं ऐकलं."

एर्मेलिंदानं मान डोलावली. तिनं डोलावली की गल्ली डोलावते.

आईनं ते खरं मानलं. ती घरोघर जाऊन माफी मागून आली, भागी सोडली, कोपरा सोडला, पुन्हा पिठाला हात लावला नाही. एवारिस्तोनं दोन वर्षांत त्याच कोपऱ्यावर गाळा घेतला आणि वर पाटी लावली, 'मूळ चव'.

धंदा गेला ते मी गिळलं असतं. पण आईनं त्या दिवसापासून चिडणंच सोडून दिलं. माझी आई, जिच्या आवाजानं कोपऱ्यावरचा हवालदार टोपी सरळ करायचा, ती भाकरीच्या रांगेत मध्ये घुसणाऱ्या बाईला म्हणू लागली, घ्या, तुम्ही आधी घ्या. माझ्या रागानं बिघडतं, असं तिच्या डोक्यात पक्कं बसलं. चार वर्षांपूर्वी बाबांच्या छातीत दुखायला लागलं तेव्हा ती त्यांना दवाखान्यात घेऊन गेली. मी लोकांना रस पाजत होते, फोन पिशवीत होता. सात तास ती दोघं बाकावर बसून होती. डॉक्टर तीनदा समोरून गेला. तिनं तीनदा त्याला अदबीनं विचारलं आणि तीनदा थांबा हे उत्तर ऐकून खाली बसली. बाबा त्या बाकावरच गेले.

म्हणून मला एवारिस्तोचं नाव मातीत मिळालेलं बघायचं होतं. आणि त्याहूनही जास्त, मला माझ्या आईला मरण्याआधी एकदा चिडलेलं बघायचं होतं.

संधी जानेवारीत आली. तीन राजांच्या सणाला एर्मेलिंदाच्या टपरीवर गल्लीचा मोठा गोल पाव कापला गेला आणि प्लास्टिकचं इवलंसं बाळ निघालं माझ्या तुकड्यात. ज्याच्या तुकड्यात बाळ, त्यानं दोन फेब्रुवारीला, म्हणजे कांदेलारियाला, सगळ्यांना तमाल खाऊ घालायचे. यातून सुटका नसते. काही लोक तर बाळ गुपचूप गिळतात. मी ते हातात धरून विचार करत होते, तेवढ्यात समोरून एवारिस्तो आला. सहा वर्षं मी दाखवलेल्या पाठी त्याला सलत होत्या हे मला ठाऊक होतंच. म्हणाला, "पोरी, तमालचं मी बघतो. तुझ्या नावानं करतो, अख्ख्या गल्लीला पुरतील एवढे. तू फक्त त्या दिवशी तुझी माणसं माझ्याकडे आण. आता पुरे झालं."

मी म्हटलं, आणते पाद्रिनो. आणि वर हेही म्हटलं, की परदेशी लोकांना जुन्या वस्तूंचं फार असतं, आईचं ते भांडं तुमच्याकडे असेल तर दर्शनी मांडून ठेवा. भांडं जाताना घरी न्यायचं एवढाच त्यात माझा बेत होता.

मुख्य बेत वेगळा होता. त्याचं भांडं विस्तवावर असताना मी त्याच्या शेजारी उभी राहून भांडण उकरून काढणार होते, असं की कान बांधलेलं भांडंही दचकेल. भर सणाला, गल्लीसमोर, बारा पाहुण्यांसमोर त्याचे तमाल कच्चे निघावेत. जसं तिचं नाव गेलं तसंच त्याचं जावं. या गोष्टींवर माझा विश्वास नाही असं मी पाहुण्यांना नेहमी हसून सांगते. पण त्या महिनाभरात मी रोज मनातल्या मनात राग साठवत होते, हे कबूल केलेलं बरं.

दोन फेब्रुवारीला मी भाकऱ्या आणि मटण वगळून माणसं थेट एवारिस्तोकडे आणली. गल्ली आधीच जमलेली. फुकटचं खायला आमची गल्ली वेळेआधी येते. एवारिस्तो पांढऱ्या एप्रनमध्ये, केसांना तेल, गालांना अत्तर. मोठं भांडं विस्तवावर चढून अर्धा तास झाला होता, आत नाणं छान खडखडत होतं, कड्यांना पानाचे कान बांधलेले. शेजारी टेबलावर कागदी फुलांच्या माळा घालून आईचं जुनं भांडं.

त्यानं भाषण सुरू केलं, मी भाषांतर करत राहिले. हे माझ्या कोमाद्रेचं भांडं, बिचारीच्या रागानं यातले तमाल कच्चे राहिले, तेव्हापासून मी यात पाण्याचा थेंबसुद्धा घातला नाही, त्या दिवशी जसं उतरवलं तसं मानानं ठेवलंय. एक वयस्क अमेरिकन बाई हळहळली. मग एका ताडमाड डच माणसानं विचारलं, की हा खडखडाट कसला? मी म्हटलं, दाखवते. आईच्या भांड्याची जाळी वर काढली आणि नाणं घ्यायला तळाशी हात घातला.

नाणं बोटांना लागलं, पण निघेना. मी नखानं खरवडलं तर नखात काळी पूड आली. भांडं उजेडाकडे तिरपं केलं. सबंध तळ जळून कोळसा झाला होता आणि मधोमध नाणं त्यात रुतून बसलं होतं.

मला कळायला जितका वेळ लागला तितकाच एर्मेलिंदालाही लागला. ती टपरी सोडून माझ्या खांद्यावरून आत डोकावत होती. चाळीस वर्षं जिनं स्वयंपाकघर बघितलंय तिला भांड्याचा तळ बघून सगळं समजतं. ती सावकाश म्हणाली, "रागानं कच्चे राहिले तर पाणी कुठे जातं? हे कोरडं जळलंय. नाणं वाजायचं थांबलं तेव्हा तू कुठे होतास, एवारिस्तो?"

एवारिस्तो म्हणाला, भांडं जुनं आहे, नंतर कधीतरी जळलं असेल. कोणीतरी मागून म्हणालं, पण आत्ताच तर म्हणालास थेंब घातला नाही म्हणून. तो म्हणाला, मी तर त्या दिवशी इथून हललोच नव्हतो. तेवढ्यात रांगेत पुढे उभा असलेला म्हातारा नेमेसिओ न्हावी, ज्याला कमी ऐकू येतं आणि ज्याच्या मनात काही पाप नसतं, मदत करायला म्हणून बोलला, "कुठल्या कांदेलारियाचं चाललंय? ते कच्च्या तमालचं? त्या दिवशी तू माझ्याकडेच होतास की. चर्चमध्ये बाळाला हातात घ्यायचं म्हणून दाढी, केस, वर मालिश. खुर्चीत झोप लागली होती तुला. मी उठवलं तर पळत सुटलास, अर्ध्या गालाला फेस तसाच."

डच माणूस मला खुणेनं विचारत होता की हे भाषांतर कधी. एका दाढीपायी माझी आई नऊ वर्षं मुकी झाली होती, हे इंग्रजीत कसं सांगतात ते मला सुचेना.

आणि नेमकी तेव्हाच आई आली. चर्चमध्ये बाळाला आशीर्वाद घेऊन ती घरी निघाली होती, नेहमीप्रमाणे गल्लीच्या पलीकडच्या बाजूनं, नजर खाली. बाळ कडेवर, पांढऱ्या झबल्यात. मी हाक मारली. ती मानेनंच नको म्हणाली. मी गेले, दंडाला धरून तिला आणलं आणि भांडं तिच्यापुढे तिरपं केलं.

तिनं बराच वेळ आत बघितलं. बोट घातलं, नाण्यावरून फिरवलं, बोटाचा वास घेतला. मग एर्मेलिंदाकडे बघितलं, नेमेसिओकडे बघितलं आणि शेवटी कोंपाद्रेकडे.

तो म्हणाला, "कोमाद्रे, माझं चुकलं. मी घाबरलो होतो, चर्चची मागणी होती, चारशे तमाल होते. पण आता हळू बोल. विस्तवावर भांडं आहे, पोरीच्या नावाचे आहेत, अख्खी गल्ली थांबलीय. कच्चे राहतील."

आईनं आजूबाजूला बघितलं आणि बाळ येशूला त्या डच माणसाच्या हातांत दिलं. त्याचं तोंड दुसरीकडे वळवलं, बाळाचं आणि डच माणसाचंही. मग ती विस्तवावरच्या भांड्याजवळ गेली आणि कडीला बांधलेला एक कान सोडला. फिरून दुसऱ्या बाजूला गेली आणि दुसरा सोडला. गर्दीतल्या बायका दोन पावलं मागे सरकल्या.

"आता ऐकू दे त्याला," ती म्हणाली.

पुढचा अर्धा तास माझी आई बोलली. तिच्या तोंडची भाषा मी इथे लिहीत नाही, पण एवारिस्तोच्या मिशीपासून त्याच्या पणजोबांपर्यंत तिनं कोणाला सोडलं नाही. सुरुवातीला आवाज फुटत नव्हता, नऊ वर्षं वापरलेला नव्हता. मग तो आला. मंडईच्या दारातून लोक बघायला बाहेर आले. एवारिस्तोनं दोनदा बसायला स्टूल ओढलं आणि दोन्ही वेळा तिनं ते पायानं सरकवलं. एर्मेलिंदाला तिनं मध्येच वळून सुनावलं, की तू आणि तुझी ती मान. मी एका शब्दाचंही भाषांतर केलं नाही, तरी माझी बाराही माणसं जागची हलली नाहीत.

शेवटी ती थांबली. मग अगदी साध्या आवाजात म्हणाली, "सात तास, कोंपाद्रे. तो डॉक्टर तीनदा समोरून गेला. माझ्या तोंडाशी आलं होतं. मी गिळलं. म्हटलं, मी चिडले तर यांचंही काहीतरी बिघडेल. तू माझ्याकडे येऊन जेवलास, हे गेले तेव्हा नवव्या दिवसाच्या प्रार्थनेला माझ्या शेजारी बसलास, आणि तेव्हाही सांगितलं नाहीस."

एवारिस्तो रडत होता. मला त्याची दया आली नाही, आणि येत नाही याचं मला बरं वाटलं.

भांड्यातलं नाणं अजून खडखडत होतं. वेळ झाली होती. झाकण काढायला एवारिस्तोचा हात उठेना, तेव्हा एर्मेलिंदानं फडकं घेऊन ते काढलं. वाफ गेली. तिनं वरचा एक तमाल उचलला, सगळ्यांना दिसेल असा धरला आणि पान सोललं. कच्चा असेल तर पीठ पानाला चिकटतं. पान एका ओढीत स्वच्छ निघालं. तिनं दुसरा सोलला, मग पार तळाजवळून तिसरा काढला. सगळे शिजलेले, मऊ, सुटे, अगदी नावाजावेत असे.

क्षणभर माझा जीव जळला. महिनाभर मी हे तमाल कच्चे निघावेत म्हणून जीव टाकत होते. मग मी लोकांचे चेहरे बघितले आणि मला समजलं. आईनं भांड्याचे कान सोडून, उकळत्या भांड्याशेजारी, नऊ वर्षांचा राग ओतला होता. आणि एक तमाल बिघडला नव्हता. त्या दिवशीही बिघडला नसता. कोणीतरी पाणी तेवढं बघायला हवं होतं. गल्लीतलं प्रत्येक माणूस हाच हिशेब करत होतं आणि एकेक करून एवारिस्तोकडे बघत होतं. आयुष्यात इतके चांगले तमाल त्यानं केले नसतील, आणि इतके नकोसेही त्याला कधी झाले नसतील.

एर्मेलिंदानं सोललेला तमाल बशीत घालून दोन्ही हातांनी आईपुढे धरला. आईनं उभ्याउभ्याच एक घास खाल्ला. "मीठ कमी आहे," ती म्हणाली आणि बशी परत दिली. मग कोणीच त्या भांड्यातलं घेतलं नाही. रांग मोडली. नेमेसिओनं तेवढे दोन घेतले, त्याला अजून काय झालं ते नीट ऐकू आलं नव्हतं.

मी माझी माणसं एर्मेलिंदाच्या स्वाधीन केली. आईनं जुनं भांडं कागदी फुलं ओरबाडून टाकून काखोटीला मारलं. मी डच माणसाच्या हातून बाळ घेतलं. बिचारा अजून भिंतीकडे तोंड करून उभा होता.

कोपऱ्यावर आई घराकडे वळली नाही. बसथांब्याकडे चालू लागली. मी विचारलं, कुठे निघालीस?

"तुझ्या बापाच्या दवाखान्यात."

मी म्हटलं, आई, चार वर्षं झाली, तो डॉक्टर आता तिथे नसेलही.

"दुसरा असेल," ती म्हणाली.

बस आली. ड्रायव्हर ते जळकं भांडं बघून म्हणाला की असलं सामान घेऊन चढता येणार नाही. आईनं त्याला उत्तर दिलं. तो खिडकीतून बाहेर बघू लागला. आम्ही पुढच्या सीटवर बसलो, भांडं तिच्या मांडीवर, बाळ माझ्या मांडीवर. ती अजून बोलतच होती, आणि मी दोन्ही तळव्यांनी बाळाचे कान झाकून ऐकत होते.